थेक्लाने स्वतःच स्वतःला बाप्तिस्मा दिला, आणि तिथून भांडण सुरू झालं

दुसऱ्या शतकातली एक गोष्ट आहे. बायबलमध्ये ती नाही, पण एके काळी इजिप्तपासून आर्मेनियापर्यंत लोक ती आवडीने वाचायचे. इकुन्या नावाचं शहर, म्हणजे आजच्या तुर्कस्तानातलं कोन्या. तिथे थेक्ला नावाची चांगल्या घरातली मुलगी, थामिरिस नावाच्या बड्या माणसाशी लग्न ठरलेलं. शेजारच्या घरात पौल, म्हणजे येशूचा संदेश सांगत फिरणारा प्रेषित, येतो आणि प्रवचन सुरू करतो, विषय असा की शरीर शुद्ध ठेवणारे धन्य, बायको असून नसल्यासारखे राहतात ते धन्य वगैरे. थेक्ला आपल्या खिडकीत बसून तीन दिवस तीन रात्री ऐकत राहते, जेवत नाही, हलत नाही. आई वैतागून होणाऱ्या जावयाला सांगते की पोरगी कोळ्यासारखी खिडकीला चिकटून बसलीय, तूच बोल आता तिच्याशी.

पुढे काय होणार ते कळलंच असेल, ती लग्न मोडते. पण पुढचा तमाशा वाचण्यासारखा आहे. पौलाला तुरुंगात टाकतात, ही रात्री दारवानाला बांगड्या आणि जेलरला चांदीचा आरसा देऊन आत जाते. पकडल्यावर पौलाला फटके मारून गावाबाहेर हाकलतात, पण हिला मात्र जाळायची शिक्षा, आणि जाळा हिला असं ओरडणारी कोण तर सख्खी आई. म्हणजे ज्याने शिकवलं तो फटक्यांवर सुटला आणि जिने ऐकलं ती सरणावर. पाऊस आणि गारा पडून आग विझते, ती वाचते आणि पौलाला शोधत जाते, म्हणते केस कापते आणि तुमच्याबरोबर येते. पौल कांकू करतो, म्हणतो काळ वाईट आहे आणि तू दिसायला सुंदर आहेस. बाप्तिस्मा, म्हणजे ख्रिस्ती होतानाचा पाण्याचा विधी, मागते तर म्हणतो थांब जरा.

मग अंत्युखिया शहर. तिथे अलेक्झांडर नावाचा शहरातला मोठा माणूस तिच्यावर भाळतो आणि पौलाकडे तिची मागणी करतो, आणि पौल चक्क म्हणतो की मी हिला ओळखत नाही, ही माझी नाही. (लेखकाने हे वाक्य का ठेवलं असेल यावर अभ्यासकांनी बराच डोक्याला ताप करून घेतलाय, मला तरी ते कुठल्याच बाजूने पौलाच्या फायद्याचं दिसत नाही.) अलेक्झांडर भर रस्त्यात तिला मिठी मारतो, ती त्याचा झगा फाडते आणि डोक्यावरचा मुकुट खाली पाडते. चारचौघांत इज्जत गेली म्हटल्यावर शिक्षा तिलाच होते, जनावरांपुढे टाकायची. पण रिंगणात सोडलेली सिंहीण तिच्या बाजूने लढते, अस्वलाला मारते, शेवटी अलेक्झांडरच्याच सिंहाशी झुंजताना मरते. शहरातल्या बायका वरून ओरडतायत की हा न्याय नाही. तेवढ्यात थेक्लाला सील माशांनी भरलेलं मोठं पाण्याचं कुंड दिसतं, ती म्हणते आता हीच माझी बाप्तिस्म्याची वेळ, आणि येशू ख्रिस्ताच्या नावाने स्वतःच स्वतःला बाप्तिस्मा देत उडी मारते. वीज चमकते, सील मरून वर तरंगतात, ती जिवंत. शेवटी सुटका होते, ती पुरुषी पद्धतीचा झगा घालून पौलाला जाऊन भेटते आणि सांगते मला बाप्तिस्मा मिळाला. आता पौल म्हणतो, जा, आणि देवाचं वचन शिकव.

खरी गंमत आता सुरू होते, कारण या गोष्टीवर पहिली चिडलेली प्रतिक्रिया आपल्याकडे लेखी आहे. साधारण इ.स. २०० च्या आसपास उत्तर आफ्रिकेतल्या कार्थेजचा तर्तुल्लियन नावाचा लेखक बाप्तिस्म्यावर पुस्तक लिहितो आणि त्यात सांगतो की काही बायका थेक्लाचा दाखला देऊन म्हणतात आम्हालाही शिकवण्याचा आणि बाप्तिस्मा देण्याचा हक्क आहे, तर त्यांना माहीत असू दे की ते लिखाण आशिया प्रांतातल्या एका वडिलाने, म्हणजे मंडळीच्या (तिथल्या चर्चच्या) अधिकाऱ्याने, पौलावरच्या प्रेमापोटी रचलेलं होतं आणि ते उघडकीला आल्यावर त्याला पद सोडावं लागलं. वर तो म्हणतो की ज्या पौलाने बायकांना शिकण्याचीसुद्धा मोकळी परवानगी दिली नाही तो शिकवण्याची आणि बाप्तिस्म्याची कशी देईल.

हा जो शेवटचा मुद्दा आहे तो कुठून आला? तर पौलाच्या नावावर बायबलच्या नव्या करारात असलेल्या काही वचनांमधून. त्यातलं सगळ्यात ठळक म्हणजे तीमथ्याला पहिलं पत्र, दुसरा अध्याय: बाईने गप्प राहून शिकावं, तिने शिकवू नये, पुरुषावर अधिकार चालवू नये, कारण आधी आदाम घडवला गेला, मग हव्वा, आणि फसली ती हव्वा, आणि बाई मुलं जन्माला घालून तरेल. चर्चमध्ये बायकांनी बोलावं की नाही हा वाद जिथे जिथे होतो तिथे ही वचनं पहिल्यांदा टेबलावर येतात. पण आज बहुतेक अभ्यासकांचं मत असं आहे की तीमथ्य आणि तीताला लिहिलेली ही तीन पत्रं पौलाने लिहिलेलीच नाहीत, त्याच्यानंतर कोणीतरी त्याच्या नावाने लिहिली. भाषा वेगळी, मंडळीची रचना वेगळी, पदं ठरलेली, सगळं एका पुढच्या पिढीतलं वाटतं. ज्यांना हे मान्य नाही असे लोकही आहेत, विशेषतः परंपरावादी मंडळींमध्ये, पण विद्यापीठांमध्ये साधारण हेच चित्र आहे.

म्हणजे बघा, तर्तुल्लियन एक खोटं लिखाण उघडं पाडायला दुसरं लिखाण पुढे करतोय आणि तेही बहुधा पौलाचं नाहीच. पौल गेला, आणि त्याच्या नावाचे दोन वारसदार एकमेकांसमोर उभे राहिले. एक म्हणतो पौलाने बायकांना सांगितलं लग्न करू नका, बाहेर पडा, शिकवा. दुसरा म्हणतो पौलाने सांगितलं लग्न करा, मुलं जन्माला घाला, घर सांभाळा, गप्प बसा. आणि दोघांनाही खऱ्या पौलात काहीतरी धागा सापडतो, ही खरी अडचण. करिंथकरांस पहिल्या पत्रात, जे पौलाचंच आहे यावर कोणाचं फारसं दुमत नाही, तो सातव्या अध्यायात म्हणतो की अविवाहित राहिलात तर जास्त बरं, कारण त्याला वाटत होतं जगाचा शेवट जवळ आलाय. अकराव्या अध्यायात तो बायकांनी सभेत प्रार्थना करताना आणि संदेश देताना डोकं झाकावं की नाही यावर वाद घालतो, म्हणजे त्या सभेत बोलत होत्या हे तो धरूनच चाललाय. आणि त्याच पत्राच्या चौदाव्या अध्यायात अचानक येतं की बायकांनी मंडळीत गप्प राहावं. काही जुन्या हस्तलिखितांमध्ये ही दोन वचनं वेगळ्या ठिकाणी, अध्यायाच्या शेवटी येतात, त्यामुळे बऱ्याच अभ्यासकांना वाटतं की कोणीतरी समासात लिहिलेली टीप नंतर नकलणाऱ्यांनी मजकुरात ढकलली. इतरांना वाटतं पौलच असा उलटसुलट होता.

१९८३ मध्ये डेनिस मॅकडोनाल्ड नावाच्या अमेरिकन अभ्यासकाने मांडलं की ही तीमथ्याची पत्रं आणि थेक्लाची गोष्ट यांना शेजारी ठेवून वाचा, ती एकमेकांशी भांडतायत. पत्रात लिहिलंय म्हाताऱ्या बायकांच्या भाकडकथांपासून लांब राहा. पत्रात लिहिलंय की काही लोक लग्न करू नका असं शिकवतात, ते चूक आहे. पत्रात लिहिलंय की काही माणसं घराघरांत शिरून भोळ्या बायकांना नादी लावतात, आता हे वाक्य थामिरिसच्या तोंडी घालून बघा, पौलाबद्दल त्याची हीच तक्रार होती की! शिवाय दुसऱ्या पत्रातली देमास, हर्मगनेस, अनेसिफर ही नावं थेक्लाच्या गोष्टीतही आहेत. मॅकडोनाल्डचं म्हणणं की थेक्लासारख्या गोष्टी आधी तोंडोतोंडी फिरत होत्या, बहुधा बायकाच सांगत होत्या, आणि त्या दाबायला ही पत्रं लिहिली गेली. तोंडी गोष्टींचा पुरावा दाखवता येत नाही ही या मांडणीतली कमजोर कडी, पण भांडण एकाच गल्लीतलं आहे हे बहुतेकांना पटलं.

आणि विधवांचं बघा. तीमथ्याच्या पहिल्या पत्राच्या पाचव्या अध्यायात नियम आहे की मंडळीच्या विधवांच्या यादीत साठ वर्षांखालची बाई घेऊ नका, तिने एकच नवरा केलेला असावा, मुलं वाढवलेली असावीत, आणि तरुण विधवांना तर अजिबात नको कारण त्या घरोघर फिरतात, बोलू नये ते बोलतात, त्यापेक्षा त्यांनी लग्न करावं. आता जो माणूस एवढा बारकाईने नियम करतो त्याच्यासमोर काहीतरी घडत असणार ना, नाहीतर कोण कशाला लिहील. तरुण बायका या यादीत नाव घालत होत्या, पुरुषाशिवाय राहत होत्या, मंडळीच्या पैशावर जगत होत्या आणि घरोघर जाऊन बोलत होत्या. मनाई वाचायची ती अशी. जिथे गप्प बसा लिहिलंय तिथे कोणीतरी बोलत होतं एवढं तर नक्की समजतं. एलिझाबेथ शूसलर फिओरेन्झा या अभ्यासिकेने १९८० च्या दशकात ही वाचायची पद्धत रुजवली, की मजकूर जे सांगतो तेवढ्यावर थांबू नका, तो कशाला विरोध करतोय ते शोधा.

लग्नाला नकार हा एवढा मोठा विषय का होता हेही समजून घ्यायला हवं, कारण आपल्याला वाटतं की ब्रह्मचर्य म्हणजे बाईवर आणखी एक बंधन. रोमन जगात लग्न ही सरकारी बाब होती. सम्राट ऑगस्टसने इ.स.पू. १८ आणि इ.स. ९ मध्ये कायदे केले होते की रोमन नागरिक बायकांनी २० ते ५० या वयात लग्न केलेलं असलंच पाहिजे, नाहीतर वारसाहक्कावर गदा, आणि तीन मुलं झाली तर सवलती. शहराचा मान, घराण्याची मालमत्ता, पुढची पिढी, सगळं लग्नावर उभं. त्यात एक मुलगी म्हणते मी लग्न करणार नाही, तर ती फक्त थामिरिसला नाही म्हणत नव्हती. व्हर्जिनिया बरस या अभ्यासिकेने १९८७ मध्ये हाच मुद्दा पकडला, की या कथांमध्ये ब्रह्मचर्य म्हणजे स्वतःच्या देहावर आणि वेळेवर ताबा. तरुण मुलीला नवऱ्याच्या घरातून बाहेर पडण्याची ती एकच सभ्य वाट होती.

इथपर्यंत सगळं कसं छान वाटतं, बंडखोर नायिका, खलनायक नवरा, टाळ्या. मग १९९६ मध्ये केट कूपर नावाच्या अभ्यासिका आल्या आणि त्यांनी पाणी ओतलं. त्यांचं म्हणणं थोडक्यात असं: या कथा बायकांबद्दल आहेत असं तुम्हाला वाटतंय, पण नीट बघा, भांडण दोन पुरुषांचं आहे. एका बाजूला घराचा मालक, नवरा, अधिकारी, आणि दुसऱ्या बाजूला प्रेषित, जो घराबाहेरचा आहे. बाई कोणाचं ऐकते यावर कोण मोठा ते ठरतं. तिची पवित्रता हा त्या पुरुषांच्या भांडणातला पुरावा. म्हणजे लेखक पुरुष, वाचणारे बरेचसे पुरुष, आणि बाई ही विचार करायला सोयीची एक आकृती. १९९८ मध्ये एलिझाबेथ क्लार्क यांनी तर सगळ्यांनाच विचारलं की पुरुषांनी लिहिलेल्या या मजकुरांमधून खरी बाई हाताला लागते असं तुम्ही कशाच्या जोरावर म्हणता. बरं, क्लार्क या काही बाहेरून दगड मारणाऱ्या नव्हत्या, आयुष्यभर याच विषयात काम केलेल्या बाई होत्या, म्हणून ते जास्त लागलं.

तेव्हापासून हे क्षेत्र थोडं भानावर आलं असं म्हणायला हरकत नाही. लिंगभाव आणि सत्ता हा अभ्यास म्हणजे आता फक्त विसरलेल्या बायका शोधून काढणं नाही, तर मजकूर पुरुषपण आणि बाईपण कसं घडवतो, कोणाच्या फायद्यासाठी, हे बघणं. उदाहरणार्थ बायका पुरुष का होतात? थेक्ला पुरुषी झगा घालते. कार्थेजमध्ये २०३ साली मारली गेलेली पर्पेतुआ, वय साधारण २२, अंगावर पिणारं बाळ, तिने तुरुंगात लिहिलेली टिपणं आपल्याकडे आहेत, आणि त्यात तिला स्वप्न पडतं की रिंगणात तिचे कपडे काढले आणि ती पुरुष झाली. थोमाच्या शुभवर्तमानाच्या (हेही बायबलबाहेरचंच) अगदी शेवटी पेत्र म्हणतो मरियेला जाऊ द्या आपल्यातून, बायका जीवनाला लायक नाहीत, आणि येशू म्हणतो मी तिला पुरुष करीन. आता ही बाईची बढती आहे का अपमान? धैर्य, संयम, स्वतःवर ताबा हे सगळे त्या काळी पुरुषाचे गुण मानले जायचे, तर बाईचं कौतुक करायचं तर तिला पुरुष म्हणायचं एवढीच भाषा उपलब्ध होती. शिडी तीच, फक्त काही बायकांना वरच्या पायरीवर उभं केलं. मला यात बढतीपेक्षा शिडी जास्त दिसते, पण उलट मत असणारेही भरपूर आहेत.

मग कूपर यांचं सगळं मान्य करायचं का? मला वाटतं नाही, आणि त्याचं कारण तर्तुल्लियनच आहे. समजा थेक्लाची गोष्ट शंभर टक्के पुरुषाने लिहिली, आणि पुरुषांच्याच भांडणासाठी लिहिली. तरी कार्थेजमधल्या खऱ्या बायकांनी ती उचलली आणि म्हणाल्या बघा, थेक्लाने केलं, आम्हीही करणार. लेखकाच्या मनात काय होतं हे त्यांनी विचारलं नाही. कथा कोणी लिहिली हा एक प्रश्न, आणि ती कोणी वापरली हा दुसरा, आणि सत्तेचा विषय असेल तर दुसरा प्रश्न जास्त महत्त्वाचा. तर्तुल्लियन चिडला हाच पुरावा, कल्पनेतल्या बायकांवर कोणी एवढं चिडत नाही.

पण थेक्लाला डोक्यावर घेण्याआधी एक गोष्ट, आणि ही मला सगळ्यात जास्त टोचते. ती बाहेर पडू शकली कारण तिच्याकडे बांगड्या होत्या, चांदीचा आरसा होता. अंत्युखियात तिला सांभाळणारी त्रुफैना ही राणी, सम्राटाची नातेवाईक, आणि खेळ थांबतात ते तिला चक्कर आल्यावर, कारण कैसराच्या माणसाला काही झालं तर आपलं काही खरं नाही अशी अलेक्झांडरला भीती. म्हणजे चमत्कार झाले ते ठीक, पण सुटका झाली ती ओळखीवर. आता अशाच प्रकारची दुसरी कथा बघा, अंद्रियाची कृत्ये. तिथे मॅक्सिमिला ही प्रांताधिकाऱ्याची बायको, तिला नवऱ्याबरोबर झोपायचं नाहीये कारण आता ती पवित्र झालीय. मग ती काय करते, तर युक्लिया नावाच्या आपल्या गुलाम मुलीला नटवून रात्री नवऱ्याच्या पलंगावर पाठवते, आणि हे कित्येक महिने चालतं. युक्लिया बदल्यात स्वातंत्र्य आणि पैसे मागते, बाकीच्या नोकरांपुढे मिरवते, प्रकरण फुटतं, आणि नवरा तिची जीभ कापून, हातपाय तोडून तिला बाहेर फेकून देतो. ती मरते. आणि कथा सांगणाऱ्याला यात काही वावगं वाटत नाही, तो युक्लियाच मुळात वाह्यात होती म्हणतो. मालकिणीची पवित्रता गुलाम मुलीच्या अंगावर उभी.

म्हणूनच फिओरेन्झा यांनी नंतर आग्रह धरला की नुसतं पुरुष विरुद्ध बाई असं बघू नका. मालक, मालकीण, मुक्त, गुलाम, नागरिक, परका, ही सगळी उतरंड एकत्र बघा, कारण वरची बाई खालच्या पुरुषावरही आणि खालच्या बाईवरही सत्ता गाजवत होती. आपल्याकडे जात आणि लिंग एकत्र बघायला लागतात हे वेगळं समजवायची गरज नाही. आणि उलट्या दिशेचाही एक पुरावा आहे, ख्रिस्ती नसलेल्या माणसाचा. इ.स. ११२ च्या सुमारास काळ्या समुद्राजवळच्या बिथुनिया प्रांताचा अधिकारी प्लिनी सम्राट त्राजानला पत्र लिहितो की हे ख्रिस्ती लोक नक्की काय करतात ते काढून घ्यायला मी दोन गुलाम बायकांचा छळ केला, ज्यांना ते लोक सेविका म्हणतात, आणि अंधश्रद्धेपलीकडे काही सापडलं नाही. गुलाम, आणि तरी मंडळीत पद. त्यांची नावं त्याने लिहिली नाहीत.

चर्चने थेक्लाचं काय केलं? फेकलं नाही, सांभाळलं, पण सोयीने. तिचं शिकवणं आणि स्वतःला बाप्तिस्मा देणं मागे सरकलं आणि कुमारी थेक्ला पुढे आली, आदर्श संन्यासिनी. ३८४ मध्ये एगेरिया नावाची यात्रेकरू बाई सेलूकियाजवळच्या थेक्लाच्या स्थानाला गेली, आजच्या सिलिफ्केपाशी, आणि तिने लिहून ठेवलंय की तिथे स्त्रीपुरुषांच्या असंख्य खोल्या होत्या, मार्थाना नावाची तिची जुनी मैत्रीण तिथल्या कुमारिकांची प्रमुख होती, आणि तिने त्या जागी बसून थेक्लाची सगळी गोष्ट वाचली. म्हणजे तर्तुल्लियनच्या जवळपास दोनशे वर्षांनंतरही बाई प्रमुख, बाई वाचणारी, आणि पुस्तक तेच.

मराठी वाचकाला यातलं एक प्रकरण जवळचं आहे. पंडिता रमाबाई १८८३ मध्ये इंग्लंडात ख्रिस्ती झाल्या आणि पुढे चेल्टनहॅमला शिकत-शिकवत होत्या, तेव्हा त्यांनी तरुण पुरुषांना शिकवावं का यावर इंग्रज धर्माधिकाऱ्यांनी आक्षेप घेतला, हिंदुस्थानातल्या लोकांना ते रुचणार नाही असं कारण देऊन. रमाबाईंनी उत्तर दिलं की माझ्या वडिलांनी किंवा नवऱ्याने कधी हरकत घेतली नाही, तुम्ही कशी घेता. नंतर केडगावला त्या हिब्रू आणि ग्रीक शिकल्या आणि अख्खं बायबल स्वतः मराठीत आणलं, ते त्यांच्या मृत्यूनंतर १९२४ मध्ये पुरं छापून आलं. तीमथ्याची ती गप्प बसायची वचनंही त्यात अर्थातच आहेत, एका बाईच्या हातची.

आणि कोणाला वाटत असेल की हे सगळं दोन हजार वर्षांपूर्वीचं, तर युनियाचं बघा. रोमकरांस पत्राच्या सोळाव्या अध्यायात पौल अंद्रोनीक आणि युनिया यांना प्रेषितांमध्ये नावाजलेले म्हणतो. चौथ्या शतकात योहान ख्रिसोस्तम हा धर्मोपदेशक, जो बायकांचा फार कैवारी होता असं कोणी म्हणणार नाही, त्यानेही लिहिलं की ही बाई किती शहाणी असेल की तिला प्रेषित म्हटलं गेलं. पण मध्ययुगापासून कोणाकोणाला प्रेषित बाई असणं जड जायला लागलं, आणि १९२७ मध्ये विद्वानांच्या वापरातल्या नव्या कराराच्या ग्रीक आवृत्तीत त्या नावावर असं चिन्ह दिलं गेलं की ते युनियास नावाचा पुरुष झालं. असं पुरुषी नाव त्या काळच्या कुठल्याही शिलालेखात नाही, युनिया मात्र एकट्या रोममध्ये अडीचशेहून जास्त वेळा सापडतं. १९७७ मध्ये बर्नाडेट ब्रूटन यांनी हे जाहीरपणे दाखवून दिलं, तरी छापील आवृत्तीत ती परत बाई व्हायला १९९८ साल उजाडलं. आता वाद जागा बदलून बसलाय. बाई होती हे मान्य, पण ती प्रेषितांपैकी एक होती का नुसती प्रेषितांच्या ओळखीची, यावर २००१ पासून लेख पडतायत.